कुष्ठरोगातला उशीर

कुष्ठरोग हा आज पूर्ण बरा होणारा आजार आहे. त्याची औषधं १९९५ पासून जगभर मोफत दिली जातात, आपल्याकडे ती प्राथमिक आरोग्य केंद्रात मिळतात आणि उपचार सहा महिने, फार तर बारा महिने चालतो. तरीही भारतात दरवर्षी सुमारे लाखभर नवे रुग्ण सापडतात. जगातल्या नव्या रुग्णांपैकी निम्म्याहून अधिक आपल्या देशातले असतात. महाराष्ट्रात चंद्रपूर, गडचिरोली, भंडारा, गोंदिया या जिल्ह्यांत आणि पालघरच्या पट्ट्यात हे प्रमाण जास्त आहे. यातले काही जण पहिल्यांदा डॉक्टरसमोर येतात तेव्हाच त्यांची बोटं आत वळलेली असतात, तळपायाला न भरणारी जखम असते किंवा एक डोळा नीट मिटत नसतो. औषध जवळ आहे, फुकट आहे, मग ही माणसं इतकी उशिरा का येतात? गरिबी, अंतर, माहितीचा अभाव ही कारणं खरीच आहेत. पण ज्यांना दवाखाना जवळ आहे, ज्यांना अंगावरच्या चट्ट्याचा अर्थ पुरता कळलेला आहे, अशी माणसंही महिनोन्‌महिने येत नाहीत, आणि त्यांना अडवते ती लोकांना कळण्याची धास्ती. रोगाभोवतीचा कलंक आपण सामाजिक प्रश्न म्हणून वेगळ्या खणात ठेवतो. माझ्या मते तो अपंगत्वाचं थेट वैद्यकीय कारण आहे आणि तो दूर करणं हा उपचाराचाच भाग आहे. ज्यांना आपल्या अंगावरच्या चट्ट्याची शंका आहे त्यांच्यासाठी हा लेख आहे, आणि तितकाच तो त्यांच्या घरच्यांसाठी, शेजाऱ्यांसाठी आणि त्यांना काम देणाऱ्यांसाठी आहे.

आधी रोगाची चाल समजून घेऊ. नॉर्वेतल्या बर्गेन इथे गेरहार्ड हॅन्सन यांनी १८७३ साली या रोगाचा जंतू दाखवून दिला. हा जंतू विलक्षण सावकाश वाढतो. एकाचे दोन व्हायलाच त्याला साधारण दोन आठवडे लागतात. त्यामुळे संसर्ग झाल्यापासून पहिली खूण दिसेपर्यंत सरासरी पाच वर्षं जातात, कधी कधी वीससुद्धा. शरीराचे थंड भाग त्याला मानवतात, म्हणून तो त्वचेत आणि त्वचेजवळून जाणाऱ्या नसांत घर करतो. नसेला इजा झाली की त्या भागाची जाणीव जाते. बोटं झडतात असं पिढ्यान्‌पिढ्या सांगितलं गेलं, पण बोटं झडत नाहीत. बधिर हाताला तव्याचा चटका कळत नाही, बधिर पायात रुतलेला काटा कळत नाही. जखम होते, माणूस तिच्यावरच चालत राहतो, ती चिघळून हाडापर्यंत पोचते आणि हाड झिजत जातं. स्नायूंना चालवणारी नस निकामी झाली तर बोटं वळतात, पाऊल लोंबतं, पापणी मिटत नाही. या सगळ्याला वेळ लागतो. बहुतेक विकृती पहिल्या चट्ट्यानंतर कित्येक महिन्यांनी, वर्षांनी येतात, आणि तेवढ्या काळात उपचार सुरू झाला असता तर त्यातल्या बऱ्याचशा टळल्या असत्या.

मधली ही वर्षं रोगाला मिळतात ती लपवाछपवीतून. पोटात कळ उठली तर माणूस लाज बाजूला ठेवून दवाखाना गाठतो. कुष्ठाचा चट्टा मात्र दुखत नाही, खाजत नाही, ताप आणत नाही. डॉक्टरकडे ढकलणारी वेदना नाही, आणि मागे ओढणारी भीती आहे. चट्टा सदऱ्याखाली किंवा पदराखाली सहज झाकता येतो. मग मेडिकलमधून गजकर्णाचं मलम आणून लावलं जातं. ते लागू पडत नाही, तेव्हा दुसरं आणलं जातं. गावच्या केंद्रातली नर्स ओळखीची, आशाताई शेजारच्याच गल्लीतली, त्यामुळे तिथे पाऊल टाकायचं नाही असं ठरतं. कुणी दूरच्या तालुक्याला जातं, तिथे महिन्या-महिन्याला जाणं परवडत नाही आणि औषध मध्येच सुटतं. बाईची अडचण आणखी मोठी. कपडे काढून तपासायला स्त्री डॉक्टर हवी, घरातून एकटीने निघायला कारण हवं, आणि सासरी कळलं तर कायमचं माहेरी धाडतील ही भीती पाठीशी. अंगावर चट्टा असलेल्या मुलीला तिची आईच तिचं लग्न होईपर्यंत गप्प बसवते. आईला मुलीचं भलंच करायचं असतं, पण त्यात मुलीच्या हाताची नस जाते.

या चक्राचा दुसरा अर्धा भाग फारसा कुणाच्या ध्यानात येत नाही. ज्यांनी वेळेत औषध घेतलं ते बरे होतात, त्यांच्या अंगावर काही उरत नाही, ते कुणाला सांगत नाहीत आणि गर्दीत मिसळून जातात. बँकेतला कारकून, शाळेतली बाई, एसटीचा वाहक यांच्यातल्या कुणाला कधी कुष्ठरोग झाला होता हे आपल्याला कळायचं कारणच नसतं. देवळाबाहेर, सिग्नलपाशी आपल्याला दिसतात ते उशिरा आलेले. म्हणजे कुष्ठरोग म्हणजे काय, हे सारा समाज केवळ उपचार चुकलेल्या रुग्णांवरून ठरवतो. त्या दृश्यातून भीती तयार होते, भीतीतून लपवणं, लपवण्यातून उशीर आणि उशिरातून पुन्हा तेच दृश्य. हा रोग भयंकर आहे हे आपण डोळ्यांनी पाहिलं आहे, असं कुणी म्हणालं तर ते खोटं बोलत नाहीत. पण त्यांनी पाहिलेला बराचसा भयंकरपणा उशिराचा असतो.

ही भीती जुनी आहे, पण तिला सरकारी शिक्का मिळाल्याचा काळ ठाऊक असलेला बरा. १८९० साली मुंबईत माटुंग्याला पालिका आयुक्त अ‍ॅक्वर्थ यांच्या पुढाकाराने कुष्ठरुग्णांसाठी निवारा उभा राहिला. वडाळ्याचं अ‍ॅक्वर्थ कुष्ठरोग रुग्णालय त्याचाच पुढचा अवतार. त्याच सुमाराला एक लेप्रसी कमिशन भारतभर फिरलं आणि रोग फारच कमी प्रमाणात पसरतो, सक्तीने वेगळं ठेवण्याची गरज नाही, अशा निष्कर्षाला आलं. तरीही १८९७ च्या बर्लिन परिषदेने विलगीकरणाची बाजू घेतली आणि पुढच्याच वर्षी हिंदुस्थानात कायदा झाला. त्याने निर्धन कुष्ठरुग्णाला वॉरंटशिवाय पकडून आश्रमात धाडण्याचा अधिकार पोलिसांना दिला. जिथे हा कायदा लागू केला जाई तिथे रुग्णाला खाण्यापिण्याचे पदार्थ विकायला, सार्वजनिक विहिरीचं पाणी भरायला, भाड्याच्या गाडीत बसायला बंदी करता येई. पकडून धाडण्याचा अधिकार श्रीमंत रुग्णाला मात्र हात लावत नव्हता. जंतूला काही गरीब-श्रीमंत कळत नाही, तेव्हा यातला हेतू रोग रोखण्याचा कमी आणि रस्त्यावरचा रुग्ण नजरेआड करण्याचा जास्त होता, असंच म्हणावं लागतं. हा कायदा रद्द व्हायला २०१६ साल उजाडलं. ओडिशातल्या एका नगरपालिका कायद्यात कुष्ठरुग्णाला निवडून येण्यास अपात्र ठरवणारी तरतूद होती. ती २००८ साली, म्हणजे प्रभावी औषध येऊन पाव शतक उलटल्यावर, सर्वोच्च न्यायालयाने वैध मानली.

यावर कुणी विचारेल की मग दत्तपूर, तपोवन, आनंदवन कशासाठी उभी राहिली? महाराष्ट्राला या वसाहतींचा अभिमान आहे आणि तो रास्त आहे. मनोहर दिवाण यांनी १९३६ साली वर्ध्याजवळ दत्तपूरला काम सुरू केलं, शिवाजीराव पटवर्धनांनी अमरावतीला तपोवन उभारलं, बाबा आमटे यांनी १९४९ साली महारोगी सेवा समिती स्थापून वरोऱ्याच्या माळावर आनंदवन वसवलं. सेवाग्रामात गांधीजी कुष्ठरोग झालेल्या परचुरे शास्त्रींची शुश्रूषा स्वतःच्या हाताने करत. दत्तपूरला काम सुरू झालं तेव्हा खात्रीचं औषध नव्हतं, घरांनी रुग्णांना हाकलून दिलं होतं, आणि या माणसांनी त्यांना घर, काम आणि मान दिला. पण त्यातून एक चुकीचा अर्थही लोकांच्या मनात रुजला, की कुष्ठरुग्णाची जागा वसाहतीतच. आजही नव्याने निदान झालेल्या माणसाला कुठे ठेवायचं, असा प्रश्न घरचे डॉक्टरला विचारतात. त्याचं उत्तर सरळ आहे. त्याला त्याच्याच घरी, त्याच्याच अंथरुणावर, त्याच्याच कामावर ठेवायचं. १९८१ साली जागतिक आरोग्य संघटनेने बहुविध औषधोपचाराची शिफारस केली, तेव्हापासून वेगळं ठेवण्याचं वैद्यकीय कारण उरलेलं नाही.

आता शंका आली तर करायचं काय ते पाहू. अंगावर फिकट किंवा लालसर चट्टा असेल, तो खाजत नसेल, दुखत नसेल, त्यावर घाम येत नसेल किंवा तिथले केस विरळ झाले असतील, तर डोळे मिटून दुसऱ्या कुणाला कापसाच्या टोकाने किंवा पेनच्या टोकाने त्या जागी हलकेच स्पर्श करायला सांगा, आणि कुठे स्पर्श झाला ते बोटाने दाखवा. जाणीव कमी वाटली तर वाट पाहू नका. हातापायाला मुंग्या, बधिरपणा, भांडं हातातून निसटणं, चालताना चप्पल पायातून नकळत गळून पडणं, चेहऱ्याची किंवा कानाच्या पाळीची त्वचा तेलकट, जाडसर होणं, गाठी येणं, याही खुणा तपासून घ्याव्यात. पांढरेशुभ्र कोड हा अगदी वेगळा प्रकार आहे. त्या डागावर जाणीव शाबूत असते, तो जंतूमुळे होत नाही आणि कुणाला लागत नाही. दोहोंची सरमिसळ करून कोड असलेल्या माणसांनाही आपण विनाकारण छळतो. निदानासाठी प्राथमिक आरोग्य केंद्र, ग्रामीण रुग्णालय किंवा शहरात पालिकेचा दवाखाना गाठावा. डॉक्टर चट्टे मोजतात, जाणीव पाहतात, कोपर, गुडघा, मनगट इथल्या नसा चाचपून त्या जाड झाल्यात का बघतात. बहुतेक वेळा एवढ्यावर निदान होतं. पडद्याआड तपासा, माझं नाव मोठ्याने पुकारू नका, असं सांगण्याचा तुम्हाला हक्क आहे आणि तो बजावायला संकोच करू नका. आणखी एक गोष्ट. २००५ च्या डिसेंबरमध्ये देशात रोगाचं निर्मूलन झालं, अशी घोषणा झाली. तिचा अर्थ दहा हजार लोकांमागे एकाहून कमी रुग्ण, एवढाच होता. पण त्यानंतर लोकांच्या आणि काही डॉक्टरांच्याही डोक्यातून हा रोग निघून गेला. तेव्हा खाजगी दवाखान्यात चट्ट्यावर नुसतं मलम लिहून मिळालं, तर या जागेची जाणीव तपासून बघा, असं आपण होऊन म्हणावं.

सर्वांत जास्त ऐकू येणारा आक्षेप असा. रोग संसर्गजन्य आहे हे तुम्हीच मान्य करता, मग चार हात दूर राहणं हे शहाणपण नाही का? त्याला कलंक का म्हणायचं? हा प्रश्न मूर्खपणाचा नाही आणि त्याला दटावून गप्प करण्यात अर्थ नाही. उत्तर असं की सुमारे ९५ टक्के माणसांच्या शरीरात या जंतूविरुद्ध उपजतच प्रतिकारशक्ती असते. उरलेल्यांनाही तो हात मिळवल्याने, शेजारी बसल्याने, एका ताटात जेवल्याने लागत नाही. उपचार न घेतलेल्या, जंतूंचं प्रमाण जास्त असलेल्या रुग्णाच्या दीर्घकाळच्या, निकटच्या सहवासात तो बहुधा नाकातोंडावाटे पसरतो. औषधातल्या रिफॅम्पिसिनची पहिली मात्रा पोटात गेली की अंगातले बहुतांश जंतू काही दिवसांत मरतात आणि त्या माणसापासून इतरांना होणारा धोका जवळजवळ संपतो. म्हणजे ज्याच्या हातात गोळ्यांचं पाकीट दिसतं, ज्याच्याबद्दल गावात कुजबूज आहे, त्याच्यापासून पळण्याचं कारण नाही. धोका आहे तो निदान न झालेल्या, स्वतःलाही ठाऊक नसलेल्या किंवा ठाऊक असून गप्प बसलेल्या माणसापासून, आणि तो तर आपल्याबरोबर रोज उठतो-बसतो. आता हिशेब करा. उघड झालेल्या रुग्णाला वाळीत टाकल्याने कुणाचाही संसर्ग टळत नाही, पण ते पाहून आणखी चार जण आपला चट्टा झाकतात. अंतर ठेवणाऱ्याला सुरक्षित वाटतं आणि गावात जंतू पसरवणारे मात्र वाढतात. शहाणपणाच्या निकषावर हा व्यवहार टिकत नाही. खरी सावधगिरी हवी असेल तर उपचार घेणाऱ्याला इतकं सहज वागवावं की पुढच्या माणसाला समोर यायला भीती वाटू नये.

दुसरा आक्षेप ऐकू येतो तो असा की धाक असला म्हणजे लोक काळजी घेतात. काही आजारांत सवयी बदलायला भीतीचा उपयोग होत असेलही. इथे मात्र टाळण्यासारखी कुठली सवयच नाही. वाईट चाल, पाप, अस्वच्छता, मासे खाऊन दूध पिणं यांचा या रोगाशी संबंध नाही, तो आनुवंशिकही नाही. शिवाय संसर्ग पाच-दहा वर्षांपूर्वी कुठे झाला ते कुणालाच सांगता येत नाही, त्यामुळे कुणामुळे झाला हा शोध घरात भांडणं लावण्यापलीकडे काही करत नाही. करण्यासारखी गोष्ट एकच, लवकर दाखवणं, आणि धाक नेमका त्याच्याच आड येतो.

निदान झालेल्या माणसाने आरंभीच काय ठरवावं? सगळ्या गावाला सांगण्याची जबाबदारी तुमच्यावर नाही. मालकाला, शेजाऱ्याला, भिशीतल्या बायकांना सांगितलंच पाहिजे असा नियम नाही. पण घरातल्या किमान एका माणसाला सांगा, आणि ते डॉक्टरच्या समोर सांगता आलं तर उत्तम, म्हणजे त्यांच्या शंकांना तिथल्या तिथे उत्तर मिळेल. एकट्याने लपूनछपून गोळ्या घेणारे मध्येच गळतात, कारण पाकीट ठेवायला जागा नसते आणि दर महिन्याला बाहेर पडायला निमित्त सापडत नाही. काही गोष्टी आधीच माहीत असाव्यात. गोळ्यांच्या पहिल्या दिवशी लघवी लालसर होते. त्यात घाबरण्यासारखं काही नाही. क्लोफाझिमिन या औषधाने त्वचा काळपट-तपकिरी पडते, उपचार संपल्यावर काही महिन्यांत रंग पूर्ववत होऊ लागतो. गोऱ्या मुलीचा रंग बदलला की शेजारणी विचारू लागतात आणि तेवढ्यावरून औषध सोडलं जातं. म्हणून घरात याचं उत्तर आधीच ठरवून ठेवावं. अंगावर पुरळ उठली, डोळे पिवळे झाले तर मात्र गोळ्या थांबवून लगेच डॉक्टर गाठावा. उपचार चालू असताना किंवा संपल्यावरही कधी कधी जुने चट्टे एकाएकी लाल होऊन सुजतात, नस दुखते, हाताची ताकद जाते, अंगावर दुखऱ्या गाठी येतात. याला रिअ‍ॅक्शन म्हणतात. शरीराची प्रतिकारशक्ती जंतूंच्या अवशेषांवर तुटून पडल्याने असं होतं. लोक समजतात औषध उलटलं, रोग वाढला, आणि पुन्हा लपतात. इथले दिवस फार मोलाचे असतात. नस नव्याने अधू झाली असेल आणि सहा महिन्यांच्या आत स्टिरॉइडचा उपचार सुरू झाला तर गेलेली ताकद बऱ्याचदा परत येते. कुष्ठरोगाच्या गोळ्या तेव्हाही बंद करायच्या नसतात.

कलंक नेहमी बाहेरूनच येतो असं नाही. वाढत्या वयापासून जे ऐकलेलं असतं ते निदानाच्या दिवशी माणूस स्वतःलाच लावतो. कुणी काही म्हणायच्या आधीच तो वेगळं ताट घेतो, नातवाला जवळ घेणं सोडतो, लग्नाकार्याला जात नाही, कामावरून आपणच निघून जातो. झोप उडते, जगण्यात राम वाटत नाही. घरच्यांना तो समंजसपणा वाटतो आणि ते त्याला तसंच राहू देतात. हे होऊ देऊ नका. वेगळं ताट त्याने मागितलं तरी देऊ नका, नातवंडांना त्याच्याजवळ पाठवा, कार्याला आग्रहाने घेऊन जा. उदासी दोन-तीन आठवड्यांवर टिकली किंवा मरणाचे विचार बोलून दाखवले गेले तर टेली मानस या सरकारी सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर मराठीत बोलता येतं. हा खर्च नसलेला उपाय आहे आणि तो गोळ्यांइतकाच गरजेचा ठरू शकतो. दयेबद्दलही बोललं पाहिजे. बिचारा, गरीब, सोसतोय असं म्हणत त्याच्या हातातलं काम काढून घेणारं घर त्याला हाकलत नसलं तरी माणसांतून उठवतंच. बधिरपणा आला असेल तर काम बंद करण्यापेक्षा कामाची रीत बदलावी. चुलीशी काम करताना जाड फडकं वापरावं, कुदळीच्या दांड्याला कापड गुंडाळावं, अनवाणी चालू नये. रोज संध्याकाळी हातपाय नीट पाहावेत, फोड, चिरा, लाली शोधावी. ते साध्या गार पाण्यात वीस-पंचवीस मिनिटं भिजवून, टणक कातडी हळुवार घासून, ओलसर असतानाच तेल लावावं. मऊ एमसीआर रबराच्या चपला सरकारी केंद्रातून मोफत मिळतात. तळव्याची तपासणी स्वतःला नीट जमत नसेल तर ती घरातल्या दुसऱ्याने करावी. यात स्पर्श आपोआप येतो, आणि त्याने जे सांगितलं जातं ते कुठल्याही उपदेशाने सांगता येत नाही.

कायदा आता पूर्वीपेक्षा रुग्णाच्या बाजूचा आहे, मात्र तो माहीत असावा लागतो. २०१९ पर्यंत कुष्ठरोग हे घटस्फोटाचं कारण होतं. त्या वर्षी झालेल्या दुरुस्तीने हिंदू विवाह कायदा, विशेष विवाह कायदा यांसह पाच कायद्यांतून ते वगळलं. तेव्हा या कारणावरून सोडचिठ्ठी मिळेल अशी धमकी कुणी देत असेल तर ती पोकळ आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात कुष्ठरोगातून बरे झालेल्या, पण अपंगत्व राहिलेल्या व्यक्तींचा समावेश आहे. ४० टक्के किंवा अधिक अपंगत्वाचं प्रमाणपत्र मिळालं तर आरक्षण व इतर सवलती लागू होतात. निराधार रुग्णाला संजय गांधी निराधार अनुदान योजनेत तहसील कार्यालयातून अर्ज करता येतो. वळलेली बोटं सरळ करण्याची शस्त्रक्रिया मोफत होते, तिच्यासाठी अर्थसाहाय्यही मिळतं. तरीही एचआयव्हीबाधितांसाठी २०१७ साली भेदभावाला मनाई करणारा जसा स्वतंत्र कायदा झाला, तशा कायद्याची शिफारस विधी आयोगाने कुष्ठरोगाबाबत २०१५ मध्येच केली होती, पण तो अजून झालेला नाही. भेदभाव करणारे जुने नियम ओढून काढण्याचं काम अपुरं आहे. काम देणाऱ्यांना एवढंच सांगणं आहे की उपचार सुरू असलेल्या माणसाला कामावरून काढायला कुठलंही वैद्यकीय कारण नाही. शंका असेल तर त्याच्या संमतीने डॉक्टरांशी बोला. कॅन्टीनमध्ये त्याच्यासाठी वेगळा कप ठेवू नका.

लग्नाचा प्रश्न सर्वांत नाजूक आणि त्यात दोन्ही बाजूंनी चुका होतात. उपचार पूर्ण करून बऱ्या झालेल्या व्यक्तीपासून जोडीदाराला किंवा होणाऱ्या मुलांना धोका नसतो. अपंगत्व नसेल तर जुना आजार हा पोटाच्या जुन्या आजाराइतकाच खाजगी मामला आहे. उपचार चालू असतील तर मात्र मी लपवण्याचा सल्ला देणार नाही. त्याचं कारण नैतिकतेपेक्षा व्यवहाराचं आहे: नव्या घरात गोळ्या लपवता येत नाहीत आणि पहिला बळी औषधाचा जातो. शक्य असेल तर लग्न उपचार संपेपर्यंत लांबवावं. नसेल तर मुलाला किंवा मुलीला, प्रत्यक्ष त्या व्यक्तीला, डॉक्टरांसमोर सांगावं. मध्यस्थाकरवी गेलेली गोष्ट पोचेपर्यंत महारोग होऊन पोचते. गर्भारपणात आणि अंगावर पाजताना ही औषधं सुरक्षित मानली जातात, ती बंद करू नयेत. मात्र बाळंतपणाच्या आगेमागे रिअ‍ॅक्शनचा संभव वाढतो, म्हणून त्या काळात नसांची तपासणी करून घ्यावी.

शेजाऱ्यांसाठीही एक ठोस काम आहे. एखाद्या भागात रुग्ण सापडला की आरोग्य कर्मचारी त्याच्या घरच्यांना आणि आसपासच्यांना तपासतात आणि दोन वर्षांवरच्या निरोगी माणसांना रिफॅम्पिसिनची एकच मात्रा देतात. तिने रोग होण्याची शक्यता निम्म्याहून खाली येते असं बांगलादेशातल्या मोठ्या अभ्यासात दिसलं आहे. ही गोळी पुष्कळदा नाकारली जाते, कारण घेणाऱ्याला वाटतं की आपल्यावर ठपका येईल, किंवा गोळी घेण्याआधी रुग्ण कोण हे त्याला जाणून घ्यायचं असतं. नाव विचारू नका. कर्मचाऱ्यानेही रुग्णाच्या संमतीविना ते सांगू नये. टीबीची लक्षणं, म्हणजे दोन आठवड्यांहून जुना खोकला, ताप, वजन घटणं असेल तर ते आधी सांगा, कारण टीबी नाही याची खात्री होईपर्यंत ही मात्रा देत नाहीत. पूर्वी रिफॅम्पिसिन घेतलं असेल, यकृताचा आजार असेल तर तेही सांगा. गोळी समोरच घ्यावी, आणि घरातल्या मुलांची पाठ, मांड्या, कुल्ले यांसह सगळं अंग वर्षातून एकदा उजेडात तपासून घेण्याचा क्रम पुढची पाच वर्षं चालू ठेवावा.